थाळा रिकामा परत करत नाहीत

यासेनिन्का, २५ सप्टेंबर १९९४

आदरणीय हेडविकाबाई,

तुम्ही मला ओळखत नाही. मी व्लास्ता, तुमच्या भावाची, सिरिलची बायको. तुम्ही देश सोडून ऑस्ट्रियात लिंझला गेलात, त्यानंतर तीन वर्षांनी मी या घरात आले. त्यामुळे आपली गाठ पडायचा प्रश्नच नव्हता. वयाने तुम्ही मोठ्या, म्हणून अहो-जाहोच करते.

ताकाला जाऊन भांडं कशाला लपवू? आमच्या गावचा वोयतेख गवंडी तुमच्या लिंझला कामाला येतो. गेल्या महिन्यात एका शुक्रवारी आला तो स्वतःच्या घरी न जाता आधी आमच्या स्वयंपाकघरात. म्हणाला, "व्लास्ता, तिकडे लाँड्रीत एक बाई भेटली. माझं बोलणं ऐकून म्हणाली, तू आमच्या खोऱ्यातला दिसतोस, गाव कुठलं? मी नाव सांगितलं, तर हातातली इस्त्री होती तिथेच राहिली. चादर करपली ना!" आणि मग म्हणे तुम्ही एकच गोष्ट विचारलीत. आई कशी आहे, भाऊ कसा आहे, काही नाही. आईचं नुसतं नाव घेऊन विचारलंत, "अपोलेना अजून शनिवारी भट्टी पेटवते का?"

तर उत्तर असं, की आई पेटवतात. म्हणजे मी पेटवते आणि त्या खुर्चीत बसून मला बोलतात. लाकडं ओली घेतलीस, पीठ घट्ट मळलंस, खिडकी उघडी ठेवलीस, पिठाला थंडी वाजली. मे महिन्यापासून त्यांचे पाय सुजतात, दोन वाक्यं बोलल्या की श्वास लागतो, पण मला बोलायला लागणारा श्वास त्यांच्याकडे कायम शिल्लक असतो. डॉक्टर येऊन गेले. ते काय म्हणाले हे पुढच्या पत्रात लिहीन. आज लिहवत नाही.

सोबत नाशपातीच्या सारणाचा कोलाच आहे, कालच भट्टीत भाजलेला. आईंनी तुमच्यासाठी पाठवलाय. थाळाही त्यांचाच, निळ्या कडेचा, एका जागी टवका उडालेला. ओळखाल.

थाळ्याबद्दल मी तुम्हाला काय सांगणार? मी पडले बोहेमियाची, तुमच्या डोंगराबाहेरची. आमच्याकडे शेजारणीचा थाळा धुऊन परत दिला की संपलं. इथे आले त्याच महिन्यात मी शेजारच्या फिलोमेना मावशींचा थाळा असाच लख्ख धुऊन, पुसून, रिकामा परत नेऊन दिला, आणि अपोलेनाच्या सुनेने भांडण उकरून काढलं म्हणून गावभर बोभाटा झाला. रिकामा थाळा म्हणजे दारात थुंकणं, हे मला कोणी सांगितलंच नव्हतं. बरं, ठेवून घ्यावा तर तीही चोरी. तुम्ही तर इथल्याच. तुम्हाला माहीत आहे.

वोयतेख दर सोमवारी पहाटे तिकडे निघतो आणि शुक्रवारी परत येतो.

तुमची,
व्लास्ता


यासेनिन्का, १६ ऑक्टोबर

आदरणीय हेडविकाबाई,

थाळा आला नाही.

वोयतेखला मी दर शुक्रवारी विचारते. पहिल्या खेपेला म्हणाला, "दारातच घेतला बाईंनी. वरचा कागद जरा उचलला, वास घेतला आणि दार लावलं. माणसाला कॉफीला तरी विचारावं!" आता तो मला लांबून बघितलं तरी मान हलवतो.

रागवू नका, पण माझ्या मनात पहिल्यांदा आलं ते हेच, की खाण तशी माती. आईंचंही असंच आहे. त्यांना एखादी गोष्ट हवी असली की आधी तिच्यासमोर दार लावून घेतात.

तुम्ही उत्तर दिलं नाहीत तरी मी लिहिणार. तुमच्या आईंच्या हाताखाली बावीस वर्षं काढल्यावर माणसाची कातडी जाड होते. ती कशी झाली तेही सांगते, कारण ती गोष्ट तुमच्याच घरातली असून तुम्हाला माहीत नाही.

लग्नानंतरच्या पहिल्या हिवाळ्यात आईंनी मला एकटीला कोलाच करायला सांगितलं. मी आमच्याकडचे छोटे बंद-पाव करणारी, पोटात सारण भरून तोंड मिटवायचं, झालं. इथे पीठ तळव्याने थापत थापत गाडीच्या चाकाएवढं करायचं, पातळ करायचं, पण फाटू द्यायचं नाही. वर शिजवून वाटलेल्या नाशपात्यांचं सारण अगदी कडेपर्यंत, त्यावर लोणी-साखर-मैद्याचा चुरा. माझा मधे खचला, कडेला ब्रेड झाला, तळाशी चिखल. आईंनी एक घास खाल्ला आणि म्हणाल्या, "फ्रगाल."

आता मला काय माहीत? मी आपलं शहरात ऐकलं होतं की तुमच्या डोंगरातल्या या कोलाचाला फ्रगाल म्हणतात. मला वाटलं, आईंनी पावती दिली. मी खूश! विहिरीवर, दुकानात, चर्चच्या पायरीवर, भेटेल तिला सांगत सुटले, "आईंनी माझ्या कोलाचाला फ्रगाल म्हटलं!" बायका डोक्याच्या रुमालाचं टोक तोंडाला लावून हसायच्या, मला वाटायचं माझ्या आनंदात आनंद मानताहेत. आठवडाभराने फिलोमेना मावशींना माझी कीव आली. म्हणाल्या, "अगं वेडे, फ्रगाल म्हणजे बिघडलेला कोलाच. बाहेरच्यांनी आमची चेष्टा करायला ते नाव धरलं. आमच्या घरात कोणाच्या कोलाचाला फ्रगाल म्हटलं तर रडायचं असतं."

मी रडलेच. सामान बांधायला घेतलं. तेव्हा सिरिल म्हणाला, "आई बाहेरच्या बाईला कधीच फ्रगाल म्हणत नाही. बाहेरची बाई दगड भाजून घेऊन आली तरी आई म्हणते, 'छान झालाय हं, बाई.' फ्रगाल ती फक्त घरातल्याला म्हणते. आणि एकदा म्हणाली की मग शिकवते." दुसऱ्या शनिवारी आईंनी माझे दोन्ही हात धरले, पिठावर ठेवले आणि वरून स्वतःच्या हातांनी दाबत दाबत मला थापायला शिकवलं. तेव्हापासून मी त्यांना आई म्हणते. अहो-जाहो करून, पण आई.

डॉक्टरांचं लिहायचं राहिलं होतं. ते म्हणाले, हृदय थकलंय. नाताळ दिसेलसं वाटत नाही.

सिरिलला मी तुम्हाला लिहिते हे कळलंय. टोपी घालून लाकूडगिरणीत गेला. वनखात्याच्या शाळेतून त्याला का काढलं हे अख्खं गाव मला सांगून बसलंय, बहीण सरहद्दीपार पळाली म्हणून. तो स्वतः एकदाच बोललाय, तेही दारू पिऊन. "मला शाळेचं काही नाही गं. ती मला न सांगता गेली."

व्लास्ता


यासेनिन्का, ६ नोव्हेंबर

आदरणीय हेडविकाबाई,

मी तुमच्याशी खोटं बोलले. कोलाच आईंनी पाठवला नव्हता. मीच पाठवला, आणि थाळाही त्यांना न विचारता उचलला. मला वाटलं, आईचा म्हटल्यावर तुमचा पीळ सुटेल. सुंभ जळतो, पीळ जात नाही, हे मला या घरात राहून तरी कळायला हवं होतं.

आणि खोटं काही लपलं नाही. बुधवारी पितरांचा दिवस. तुमच्या वडिलांच्या थडग्यावर मेणबत्त्या लावायला आम्ही निघालो, तर आई म्हणाल्या, "फिलोमेनाला चार तुकडे देऊन ये जाताना. निळ्या थाळ्यात घाल." मी पांढरा काढला. म्हणाल्या, "निळा." मी म्हटलं, सापडत नाही. म्हणाल्या, "या घरात टाचणी हरवली तरी तुला सापडते. थाळा सापडत नाही?"

मग मी सांगून टाकलं. वोयतेख, लाँड्री, करपलेली चादर, तुमचा तो एक प्रश्न, सगळं. खाली बघून बोलत होते. वाटलं होतं, काठी घेतील. त्यांनी आधी पांढरा थाळा बाजूला सारला. मग विचारलं, "कुठल्या शनिवारचा होता?" मी सांगितलं. "त्यात दालचिनी कमी होती," म्हणाल्या.

हेडविकाबाई, एवढ्या वर्षांत तुमचं नाव त्यांच्या तोंडून मी ऐकलं नव्हतं. मला एवढंच माहीत होतं, की वडील गेले तेव्हा सरहद्द बंद, तुम्हाला येता आलं नाही, तुम्ही कॉफी-चॉकलेटचं पार्सल पाठवलंत आणि आईंनी ते न उघडता परत केलं. गावाला वाटतं, रागाने. परवा त्या स्वतःहून म्हणाल्या, "नवरा पुरून पंधरा दिवस झाले नाहीत तोच ते पार्सल आलं. मला मुलगी हवी होती, कॉफी नको होती. मी परत केलं. तिला कळेल असं वाटलं." तुम्हाला काय कळलं ते उघडच आहे. तुम्ही त्यानंतर लिहिलंच नाहीत.

आता दुसरं. सरहद्द उघडली त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात एक ऑस्ट्रियाची गाडी आपल्या गावात आली होती. चर्चपाशी वळणावर बराच वेळ उभी होती. आत एकच बाई. फिलोमेना मावशींच्या तोंडात तीळ भिजत नाही, त्या धावत आमच्याकडे आल्या, "अपोलेना, अगं तुझी हेडविका! शपथ घेऊन सांगते, तीच!" मी परसात होते, मला फक्त आरडाओरडा ऐकू आला. आत येऊन बघते तर आई खिडकीशी. डोक्याला अर्धवट रुमाल. गाडी निघून गेली होती. मी विचारलं, कोण होतं? म्हणाल्या, "कोणी नाही. रस्ता चुकलेलं असेल कोणी तरी."

परवा त्या दिवसाबद्दल पण बोलल्या. "बोडक्या डोक्याने कशी जाणार दारात? रुमाल बांधत होते. गाठच बसेना. गाठ बसली आणि गाडी वळली."

तुम्हाला वाटलं असेल, आईने खिडकीतून बघितलं आणि दार उघडलं नाही. मला ठाऊक नाही तुम्हाला काय वाटलं. पण खरं काय ते मी लिहिलं. या बायकांच्या डोक्यावर रुमाल नसला तर देव आला तरी त्या दार उघडायच्या नाहीत, हे तुम्ही विसरलात का?

शेवटी मी विचारलं, "मग थाळ्याचं काय करायचं, आई?" म्हणाल्या, "काय करायचं म्हणजे? येईल." थोड्या वेळाने म्हणाल्या, "पंचवीस वर्षं परदेशात राहिली. विसरली असेल रीत." मग मी दिवा लावायला उठले, तेव्हा मागून म्हणाल्या, "व्लास्ता, रिकामा आला तर मला दाखवू नकोस."

म्हणून हे पत्र. ठेवून घ्या तो थाळा, फोडा, विहिरीत टाका. मी सांगेन वोयतेखच्या हातून हरवला. पण रिकामा पाठवू नका, तुमच्या पाया पडते.

व्लास्ता


यासेनिन्का, २४ नोव्हेंबर

प्रिय हेडविका,

तू म्हणायला सांगितलंस, म्हणून तू म्हणते. लिहिताना हात अडतोय, पण होईल सवय.

वोयतेख मुलाच्या बारशासाठी मधेच सुट्टी घेऊन आला. आज दुपारी खोकं घेऊन दारात उभा. "जड आहे," एवढंच म्हणाला, आणि आत यायला सांगितलं नसताना आत येऊन बसला. फिलोमेना मावशी कुठून उगवल्या देव जाणे. सिरिल जेवायला घरी आलेला. त्याने चाकूने दोरी कापली. मी आईंकडे बघत होते. त्या भिंतीकडे बघत होत्या.

वर तुझी चिठ्ठी होती. मी मोठ्याने वाचली. "हा चौथा आहे. आधीचे तीन याहून वाईट होते. व्लास्ता, मला तू म्हण." बस, एवढीच. सिरिलने चिठ्ठी माझ्या हातातून घेतली, परत एकदा स्वतः वाचली आणि खिशात घातली. ती मला अजून परत मिळालेली नाही.

मग निळा थाळा निघाला, आणि त्यात तुझा कोलाच.

हेडविका, आता आपण घरच्या झालो म्हणून खरं सांगते. वाटेत त्याचे तीन तुकडे झाले होते, पण तो वोयतेखचा दोष. बाकीचं सगळं तुझं. एक बाजू काळी, दुसरी फिकट. मधे खचलेला. कडा बोटभर जाड. सारण पातळ होऊन तळातून गळलेलं. मला माझा पहिला हिवाळा आठवला आणि तुझ्याबद्दल इतकी माया दाटून आली की काय सांगू.

फिलोमेना मावशी जिभेला हाड नसल्यासारख्या लगेच म्हणाल्या, "अगंबाई, छान झालाय की!"

"तू गप्प बस," आई म्हणाल्या.

त्यांनी हात पुढे केला. मी काळ्या बाजूचा तुकडा टाळून दुसरा द्यायला लागले, तर म्हणाल्या, "जळका दे." घेतला. तुला माहीत नसेल, त्यांना आता मोजकेच दात आहेत. चावायला वेळ लागतो. सगळं स्वयंपाकघर थांबलं होतं. मी मनात एकच घोकत होते, छान म्हणू नका, आई, काही म्हणा, पण छान म्हणू नका. सिरिल दाराच्या चौकटीला टेकून उभा होता. त्याच्याही मनात तेच चाललं असणार, कारण त्याने टोपी काढून हातात चुरगाळली होती.

त्यांनी गिळला. पाणी प्यायल्या. तोंड पुसलं.

"फ्रगाल," म्हणाल्या.

मी ओरडले की रडले मला आठवत नाही. वोयतेखला काहीच कळलं नाही, त्याला वाटलं नापास झाला. तो आपला समजूत घालायला लागला, "असू दे हो, बाई कामावर जातात, त्यांना वेळ कुठे..." मावशींनी त्याच्या पाठीत गुद्दा घातला. आईंनी दुसरा तुकडा मागितला आणि एकदा सुरू झाल्या ते थांबेचनात. नाशपात्या वाळवलेल्या नाहीत, दुकानातल्या ताज्या घेतल्या. ताज्यांना पाणी सुटणार नाही तर काय? पीठ नीट फुगायच्या आधीच थापलं, कायमची घाई. ही लहानपणापासून अशीच. श्वास लागला तशी मी म्हटलं, पुरे आता आई. तर म्हणाल्या, "पुरे कसं? पोरीला काही येत नाही. मी शिकवायच्या आत गेली ती."

सिरिल म्हणाला, "मग आता कोण शिकवणार?"

"का?" आई म्हणाल्या. "मी आहे ना अजून."

नंतर मावशी आणि वोयतेख गेल्यावर मी विचारलं, थाळा भरून परत पाठवू का. शुक्रवारची हजेरी लावायला वोयतेख उद्या पहाटे निघतोय. म्हणाल्या, "थाळ्याने काय जन्मभर प्रवासच करायचा? ज्याला खायचंय त्याने यावं." म्हणून या वेळी फक्त पत्र पाठवते आहे. वोयतेख उद्याच तुझ्या दारात देईल. त्याला कॉफी दे.

आणि मग त्यांनी मला माळ्यावरून वाळवलेल्या नाशपात्या काढायला लावल्या, आपल्याच झाडाच्या, आणि आत्ताच भिजत घाल म्हणाल्या. मी म्हटलं, "आज गुरुवार आहे आई. एक रात्र भिजल्या तरी पुरे. उद्या घालते की." म्हणाल्या, "आजच घाल. रविवारपर्यंत टिकायला पाहिजे." नाशपात्यांचं म्हणाल्या की स्वतःचं, मी विचारलं नाही. घातल्या भिजत. पाण्यात थोडी आलुबुखाराची दारू घातलीय म्हणजे आंबणार नाहीत.

सिरिल जेवण झाल्यापासून बाहेर आहे. मला वाटलं, गिरणीत गेला. खिडकीतून बघते तर अंगणातला सरपणाचा ढीग भिंतीकडे सरकवतोय. एकटाच. मी विचारलं, हे काय काढलंस थंडीत? म्हणाला, "तिला लिही, चर्चपाशी थांबू नको म्हणावं. गाडी वळवायला अंगणात जागा केलीय."

तेव्हा तू शनिवारी ये, जमलं तर उद्याच निघ. लांबून बघत बसू नकोस, सरळ अंगणात ये. दार उघडायला या वेळी वेळ लागणार नाही. आईंनी आत्ता संध्याकाळीच डोक्याला रुमाल बांधून घेतलाय. गाठ मी मारून दिली.

तुझी,
व्लास्ता